लेकनच्या कोंबड्या

तुलॉकने यादीतल्या आठव्या नावाखाली नखाने रेघ ओढली आणि बोट तिथेच दाबून धरलं.

"हा माणूस, साहेब."

बालफिननने वाकून पाहिलं. पाहायची काही गरज नव्हती. यादी त्यानेच केली होती आणि गेले दहा दिवस ती त्याला झोपेतही पाठ होती. सतरा मतं आपली, सोळा सर हेक्टरची. आठवं नाव निनियन गाऊ, गावच्या शाळेचे म्हातारे मास्तर.

"मास्तर?" तो हसला. "अरे, त्यांनी मला लॅटिन शिकवलंय. त्यांच्या चामडी पट्ट्याचे वळ अजून माझ्या तळहातावर असतील."

"म्हणूनच तुम्हाला दिसत नाही," तुलॉक म्हणाला. तो बालफिननचा कारभारी; वीस वर्षं त्याच्या जमिनी सांभाळता सांभाळता त्याचा चेहराही मालकाच्या कुंपणासारखा झाला होता. "मंगळवारी सर हेक्टरची गाडी मास्तरांच्या दारात तासभर उभी होती. बुधवारी मास्तर सहा मैल चालत शेरीफच्या कचेरीत गेले आणि शपथेचा मजकूर स्वतःच्या हाताने उतरवून आले. अख्खा. आणि लेकनच्या दरीत तर ते सारखेच जातात. त्या वयात, तो खोकला घेऊन. कशाला जातात?"

बालफिननच्या मनात शंकेची पाल चुकचुकली. एकदा चुकचुकली की ती गप्प बसणारी नव्हती. वकिलीत तो नावारूपाला आला तो याच गुणावर. एडिनबराच्या कोर्टात तो उलटतपासणीला उभा राहिला की साक्षीदाराला आपलं स्वतःचं नावसुद्धा खरं आहे की नाही असं वाटू लागे. आता त्याला पार्लमेंटात जायचं होतं. जुने सभासद जानेवारीत वारले, मार्चच्या पहिल्या आठवड्यात निवडणूक, आणि सारा खेळ एका मतावर आला होता.

परगण्यात मत द्यायचा हक्क होता तो फक्त राजाकडून थेट जमीन धरणाऱ्यांना. अशी माणसं तेहतीस. त्यातली निम्मी दोन्ही बाजूंनी घरच्या घरी तयार केलेली. आपल्या जमिनीचा एक तुकडा मेव्हण्याच्या, मित्राच्या नावे त्याच्या हयातीपुरता करून द्यायचा. कागदावर तो मालक, मताचा हक्क त्याचा आणि जमीन मात्र जिथली तिथे. सगळेच करत. सर हेक्टरचे घोडे सांभाळणारा माणूससुद्धा एका टेकडीचा मालक होता. अडचण एवढीच, की विरुद्ध बाजूच्या कुणीही उठून म्हटलं तर अशा मालकाला शपथ घ्यावी लागे: ही जमीन खरोखर माझी आहे, नावापुरती नाही, ती कुणाला परत द्यायचं वचन मी लेखी वा तोंडी दिलेलं नाही. शपथ नाकारली की नाव यादीतून गेलं.

बालफिननने असे आठ मालक केले होते. कागद दुसऱ्या कुणाला लिहू दिले नाहीत. सर हेक्टरच्या वकिलांना सुई शिरेल एवढीही फट सापडू नये म्हणून त्याने प्रत्येक कागदात सारंच्या सारं देऊन टाकलं होतं: जमीन, पाणी, जळणासाठी पीटची माती खणायचा हक्क, कुळांकडून यायच्या वस्तू, कुळं ठेवायचा आणि काढायचा हक्क. असा कागद त्या परगण्यात कुणी लिहिला नव्हता. त्याचा त्याला गर्व होता.

"बाकीच्या सातांची मला काळजी नाही," तुलॉक म्हणाला. "तपकीर ओढतील आणि शपथ घेतील. पण मास्तर..."

दार ढकलून ग्रिझेल आत आली. थोरली बहीण; लग्न केलं नाही, भावाचं घर चालवलं आणि त्याला डूगल म्हणणारी आता साऱ्या स्कॉटलंडात ती एकटीच उरली होती. बाकी जग जमिनीच्या नावाने त्याला बालफिनन म्हणे. त्या मुलखात जमीनदाराला दुसरं नाव नसतं.

"निवडणुकीच्या जेवणाला तीस माणसं येणार, आणि सूप कशाचं करू, यादीचं?" ती म्हणाली. "लेकनच्या कोंबड्या अजून आल्या नाहीत, तुलॉक. मागच्या वर्षीही आल्या नव्हत्या."

"कोल्ह्याने नेल्या म्हणतात, बाईसाहेब."

"दोन वर्षं? त्या कोल्ह्याला एकदा जेवायला बोलवा. बघू तरी केवढा आहे."

"उन्हाळ्यानंतर लेकनहून कोंबड्या येणारच नाहीत," बालफिनन यादीवरून डोळे न काढता म्हणाला. "तिथे मेंढ्या येतील."

 लेकनच्या दरीत अकरा घरं होती. मे महिन्यात त्यांची मुदत संपत होती आणि दक्षिणेकडचा एक मेंढीवाला दरी पाहून, घरं उठली की ती मेंढ्यांसाठी घ्यायचं बालफिननच्या हातावर हात मारून ठरवून गेला होता. लंडनचं राहणं फुकट होत नाही, हे ग्रिझेललाही कळत होतं. तिने फक्त भावाच्या समोरची मेणबत्ती उगाचच सरळ केली.

"मास्तरांकडे जाणारेस?" तिने विचारलं.

"जावं लागेल."

"जा. पण त्यांच्यापुढे वकिली करू नकोस. तुझी पहिली थाप त्यांनीच पकडली होती."

*

मास्तरांचं घर शाळेला टेकून होतं. दोन खोल्या, एक चूल. बालफिनन दुपारी गेला तेव्हा मास्तर चुलीपाशी बसून ओटची लापशी ढवळत होते. त्र्याहत्तर वर्षांचा माणूस, हाडांवर कोट टांगल्यासारखा.

"ये, डूगल... नाही, चुकलो. या, बालफिनन."

"मास्तर, तुम्ही तरी असं बोलू नका."

"मग बस. पीटवर पाय ठेवू नकोस, ओलं आहे."

बालफिनन बसला आणि बसता बसताच त्याला टेबलाखालच्या कोंबड्या दिसल्या. दोन होत्या, पाय बांधलेल्या, चांगल्या पोसलेल्या. मास्तरांच्या घरात कोंबडी! उभ्या आयुष्यात या माणसाने लापशी आणि खारवलेला मासा याखेरीज काही खाल्लेलं त्याला आठवत नव्हतं. सर हेक्टरच्या आवारातल्या कोंबड्या अशाच करड्या असतात, हेही त्याला लगेच आठवलं. खरं तर साऱ्या परगण्यात कोंबड्या करड्याच असतात.

"कोंबड्या छान आहेत," तो म्हणाला.

"हो ना. आणून देतात."

"कोण?"

"भली माणसं आहेत," मास्तर म्हणाले आणि खोकले. तो खोकला बराच वेळ चालला. बालफिननला वाटलं, सोयीच्या वेळी बरा येतो.

त्याची नजर खोलीभर फिरली. खिडकीत मातीचं एक वाडगं होतं. वाडग्यात मूठभर काळी माती, तिच्यात खोचलेला एक कांदा, कांद्याला हिरवी पात, आणि बाजूला टेकवून ठेवलेला एक दगड. दगड त्याने ओळखला नाही. आठवण मात्र झाली. दीड वर्षामागे लेकन मास्तरांच्या नावे केलं तेव्हा तिथल्या उतारावर जमिनीचा कब्जा द्यायचा विधी झाला होता. वारा सुटलेला, नोटरी, दोन साक्षीदार. तुलॉकने रिवाजाप्रमाणे त्या जमिनीतली माती आणि दगड उचलून मास्तरांच्या हातात दिला. बाकीचे सात मालक आपापल्या तुकड्याची माती तिथेच टाकून, हात पुसून, व्हिस्कीकडे वळले होते. मास्तरांनी रुमाल काढला, माती आणि दगड त्यात बांधला आणि खिशात घातला. तेव्हा सारे हसले होते. बालफिननही हसला होता.

"सर हेक्टर आले होते म्हणे," त्याने सहज विचारल्यासारखं विचारलं.

"आले होते. तासभर बसले. तुझ्याच खुर्चीत."

"काय म्हणाले?"

"शपथ घेऊ नका म्हणाले. खोट्या शपथेचं पाप म्हातारपणी कशाला, असं त्यांचं म्हणणं. माणूस धार्मिक झालाय एकदम."

"आणि तुम्ही काय म्हणालात?"

"मी म्हटलं, मजकूर वाचून सांगतो." मास्तरांनी लापशीचं भांडं खाली उतरवलं. कोटाच्या आतून एक घडी केलेला कागद काढला, चष्मा लावला. "मी वाचला. तीनदा. तुलाच विचारायचं होतं, बरा आलास. इथे म्हटलंय, जमीन खरोखर माझी आहे. तू लिहिलेला कागद खरा आहे का, डूगल?"

बालफिनन उत्तर देणार इतक्यात आतल्या खोलीत काहीतरी वाजलं. फळीवर पाय सरकल्यासारखं. दार टेकलेलं होतं, पुरतं लावलेलं नव्हतं. त्याचे कान टवकारले. आत कुणीतरी होतं, आणि श्वास रोखून होतं.

क्षणात सारं त्याच्या डोळ्यांपुढे लख्ख उभं राहिलं. तासभर थांबलेली गाडी, उतरवून घेतलेली शपथ, कोंबड्या आणि आता हा प्रश्न, असा सरळ, असा शब्दांत पकडणारा. आत सर हेक्टरचा माणूस कागद-लेखणी घेऊन बसलाय. आपण फक्त म्हणायचं, मास्तर, हे आपलं नावापुरतं आहे, तुम्हाला ठाऊकच आहे, की झालं. नुसतं मास्तरांचं नव्हे, आठही मतं गेली. आणि कोर्टात तोंड दाखवायलाही जागा उरायची नाही.

तो खुर्चीत ताठ बसला. न्यायाधीशासमोर बोलावं तशा स्वच्छ, मोठ्या आवाजात म्हणाला, "शब्दन् शब्द खरा आहे. लेकन तुमचं आहे, मास्तर."

"नावापुरतं?"

"नावापुरतं मुळीच नाही. जमीन, पाणी, कुळं, सारं. तुम्ही हयात असेपर्यंत."

"आणि परत मागणार नाहीस?"

"मी कधी मागितलंय?"

"नाही मागितलंस," मास्तर म्हणाले. त्यांनी चष्म्यावरून त्याच्याकडे पाहिलं, अगदी तसंच, जसं लॅटिनचं वाक्य बरोबर आल्यावर पाहत. "तू असं स्पष्ट म्हणशील असं मला वाटलं नव्हतं. मी तुझ्याबद्दल वाईट विचार केला होता, डूगल. कबूल करतो."

बालफिननला याचा अर्थ लागला नाही. डाव फसल्यावर माणूस बोलतो तसं काहीतरी ते असावं, असं त्याने ठरवलं. लापशी त्याने खाल्ली नाही. निघताना आतल्या दाराकडे त्याने पुन्हा एकदा पाहिलं आणि मनातल्या मनात सर हेक्टरच्या माणसाला म्हटलं, लिही बाबा आता काय लिहायचं ते.

बाहेर तुलॉक घोडे धरून उभा होता.

"काय वाटतं?"

"विकला गेलाय," बालफिनन म्हणाला. स्वतःच्या तोंडून तो शब्द ऐकून त्याला वाईट वाटलं. एवढं वाईट वाटेल अशी त्याची कल्पना नव्हती. वडील गेले त्या वर्षी या माणसाने त्याला रोज संध्याकाळी शाळेत बसवून घेतलं होतं. शिकवायला काही नसलं तरी बसवून घेतलं होतं.

*

निवडणुकीच्या दिवशी कचेरीच्या दालनात ओल्या लोकरीचा आणि तपकिरीचा वास भरून राहिला होता. तेहतीस माणसं, दोन बाकांच्या रांगा, मधे टेबल, टेबलावर बायबल. कारकून एकेकाला जमिनीसकट हाक मारी. बालफिननचा मेव्हणा उठला, सर हेक्टरच्या वकिलाने शपथ मागितली, मेव्हण्याने ती जांभई देता देता घेतली. नौदलातल्या कॅप्टनने शपथ घेताना मालकीच्या जमिनीचं नावच चुकवलं. सारे हसले, त्याला पुन्हा घ्यायला लावली. याप्रमाणे सात झाले. सर हेक्टरच्या बाजूचेही तितक्याच गांभीर्याने शपथा घेऊन बसले.

"निनियन गाऊ, लेकनचे."

मास्तर उठले. कोट घासून पुसून काळा केलेला. सर हेक्टर बाकावर पुढे सरकून बसले, गालातल्या गालात हसत. बालफिननने ते हसू पाहिलं आणि गुडघ्यांवर ठेवलेले हात एकमेकांत घट्ट अडकवले. सोळा-सोळा झाली होती.

"शपथ," सर हेक्टरचा वकील म्हणाला.

कारकून मजकूर सांगू लागला. मास्तरांनी हात वर केला. "मी वाचेन," ते म्हणाले. चष्मा लावला आणि वाचू लागले. सावकाश, विरामचिन्हांसकट, शाळेत शुद्धलेखन घालावं तसं. अर्ध्यावर ते थांबले. 

"इथे म्हटलंय, परत देण्याचं वचन, लेखी वा तोंडी. तोंडी धरूनसुद्धा?"

"धरूनसुद्धा," कारकून म्हणाला.

मास्तर वळले. "बालफिनन, असं काही वचन मी तुम्हाला दिलंय का? म्हातारा माणूस आहे, विसरलो असेन. सर्वांसमोर सांगितलंत तर बरं."

तेहतीस माणसांच्या माना त्याच्याकडे फिरल्या. हाच तो सापळा, बालफिननला वाटलं. पण सापळ्याचं तोंड कुठे आहे तेच दिसेना. 'हो' म्हणणं शक्यच नव्हतं. तो उभा राहिला.

"नाही," तो म्हणाला. "दिलेलं नाही, आणि मी मागितलेलंही नाही."

"लिहून घ्या," मास्तर कारकुनाला म्हणाले. मग बायबलवर हात ठेवून त्यांनी उरलेली शपथ पुरी केली, नाक पुसलं, आणि मत कुणाला असं विचारल्यावर जणू हा प्रश्नच अनावश्यक होता अशा आवाजात म्हणाले, "डूगल रॅमझी, बालफिननचे. आणखी कुणाला?"

सर हेक्टरचं हसू मावळलं. दालनात गलका झाला. कुणीतरी बालफिननच्या पाठीवर थाप मारली, दुसऱ्याने त्याची टोपी उडवली. तो गर्दीतून वाट काढत मास्तरांपर्यंत गेला आणि त्यांचे दोन्ही हात हातांत घेतले. ते थंडगार होते.

"मास्तर, माझ्या मनात नाही नाही ते आलं होतं."

"माझ्याही आलं होतं," मास्तर म्हणाले. "फिट्टंफाट झाली."

त्या दुपारी जेवणाला मास्तर आले नाहीत. खोकला वाढलाय असा निरोप आला. ग्रिझेलने विकतच्या कोंबड्यांचं सूप केलं आणि सारा वेळ भावाकडे बघत राहिली.

"लहानपणी बक्षीस मिळालं की असाच दिसायचास," ती म्हणाली. "बक्षीस कुणी दिलं ते विसरू नकोस म्हणजे झालं."

*

एप्रिल लागला. मे महिन्यात घरं खाली करून हवी असतील तर चाळीस दिवस आधी नोटिसा लागायला हव्या होत्या. तुलॉकने त्या तयार केल्या. लेकनच्या नोटिसांवर मालकाची सही लागणार, म्हणून त्या घेऊन तो मास्तरांकडे गेला आणि तासाभरात परत आला. कागद हातात तसेच.

"वाचून सांगतो म्हणाले," तो म्हणाला. त्याचा आवाज विचित्र झाला होता.

बालफिननने लगेच घोडा मागवला. जाताना डोक्यात सारा हिशोब उलटा उलगडत गेला. तो मास्तरांच्या दारात उतरला. टेबलाखाली पुन्हा कोंबड्या होत्या. या वेळी तीन.

"या लेकनच्या," तो उभ्या उभ्याच म्हणाला.

"हो. कुळांनी मालकाला वर्षाला घरटी एक कोंबडी द्यायची. तूच लिहिलंयस, चौथ्या कलमात. मी त्यांना वाचून दाखवलं तेव्हापासून आणतात." मास्तर शालीत गुरफटून चुलीपाशी बसले होते. "अकरा मी एकटा कशा खाणार? बऱ्याच परत पाठवतो. भाडं तुलॉक नेतो, ते नेऊ दे. माझ्या वतीने देखरेख करतो बिचारा."

"मास्तर, या नोटिसांवर सही हवी. नुसती सही."

"वाचल्या. नको म्हणतो मी."

"तुम्हाला ठाऊक होतं, हे कशासाठी होतं ते. आठ जणांना ठाऊक होतं."

"मला ठाऊक होतं," मास्तर म्हणाले. "म्हणूनच तर तुला विचारलं. त्या खुर्चीत बसला होतास. तू हळूच म्हणाला असतास, मास्तर, नावापुरतं आहे, तर मी शपथ घेतली नसती. तुझं मत गेलं असतं, पण मी तुला लेकन त्याच दिवशी परत लिहून दिलं असतं. तू म्हणालास, खरं आहे. दुसऱ्यांदा दालनात, सर्वांसमोर. त्यावर मी देवाची शपथ घेतली, डूगल. आता तुझ्या सांगण्यावरून मी माझी माणसं घराबाहेर काढली, तर मी कसला मालक? मग ती शपथ खोटी. शपथ खोटी तर ते मत..."

ते वाक्य त्यांनी पुरं केलं नाही. पुरं करायची गरजही नव्हती. सोळा आणि सतरा यांच्यातलं अंतर बालफिननला त्यांच्यापेक्षा चांगलं माहीत होतं. कोर्टात जायचं तर आपणच उभं राहून सांगायचं, की आपला कागद खोटा होता. त्या कागदात त्याने फट ठेवली नव्हती. सर हेक्टरसाठी ठेवली नव्हती, आणि स्वतःसाठीही.

तो खाली बसला. ओल्या पीटवर पाय पडला तरी त्याच्या लक्षात आलं नाही.

"हे सारं तुम्ही केव्हा ठरवलंत? माती रुमालात बांधलीत तेव्हा?"

मास्तर खोकले. बराच वेळ खोकले. बालफिननने त्यांच्या चेहऱ्याकडे अशा नजरेने पाहिलं, जिच्यापुढे साक्षीदार पाणी मागत. पण पट्ट्याने हात लाल करणारा हा माणूस त्याला तेव्हाही कधी वाचता आला नव्हता.

"माती चांगली होती," मास्तर म्हणाले. "टाकवेना."

"आणि मत मला का दिलंत? सर हेक्टरला दिलं असतंत तरी लेकन तुमचंच राहिलं असतं."

"तू बोलतोस चांगलं. लहानपणापासून. तिथे बहुतेक तेवढंच लागतं." मग जरा थांबून ते म्हणाले, "आणि तू माझा विद्यार्थी आहेस, गाढवा. दुसऱ्या कुणाला देऊ?"

आतल्या खोलीत फळी वाजली. तोच आवाज, तसाच. बालफिनन चटकन उठला.

"आत कोण आहे?"

"उघड की," मास्तर म्हणाले.

त्याने दार ढकललं. आत खाटेवर एक बाई बसली होती. साठीची असेल, लेकनच्या वरच्या अंगाला राहणारी मार्साली. मांडीवर कोंबडीचं रिकामं खुराडं होतं. त्याला पाहून ती इतक्या घाईने उठली की खुराडं खाली पडलं.

"साहेब, मी चोरून ऐकत नव्हते," ती म्हणाली. "मागल्या वेळीही नव्हते. तुम्ही आलात म्हणून बाहेर यायची हिंमत झाली नाही. पण तुमचा आवाज केवढा मोठा. सगळं ऐकू आलं."

बालफिननने दार पुरतं उघडलं.

"मी तशीच पळत वर गेले. सगळ्यांना सांगितलं, साहेब स्वतःच्या तोंडाने म्हणाले, लेकन मास्तरांचं आहे, मास्तर जिवंत आहेत तोवर. मेंढ्यांचं ऐकल्यापासून आमच्या वरच्या घरांत कुणी धड झोपलं नव्हतं. त्या रात्री झोपले सगळे." तिने गुडघे वाकवले. "देव तुमचं भलं करो. तुमच्याबद्दल आम्ही फार वाईट बोललो होतो."

तिच्या डोळ्यांत पाणी होतं, आणि त्यात कसलाही डाव नव्हता. बालफिननने तो शोधून पाहिला; सवयच होती. त्याला जे सापडलं ते त्याला सहन झालं नाही. त्याने खाली वाकून खुराडं उचललं, तिच्या हातात दिलं आणि तसाच बाहेर आला.

नोटिसा टेबलावर राहिल्या होत्या. मागून मास्तरांचा खोकला ऐकू येत होता, खोल, ओला. हयातीपुरता, असं तो कागद म्हणत होता. मास्तर गेले की लेकन परत मिळेल, पण त्यांचं मतही जाईल. पुढची निवडणूक जास्तीत जास्त सात वर्षांवर आणि तीही एकाच मतावर येणार. घोड्यापर्यंतच्या वीस पावलांत त्याने हा विचार दोन्ही बाजूंनी करून पाहिला, आणि दोन्ही बाजूंनी त्याला स्वतःची लाज वाटली.

मागाहून आलेला तुलॉक फाटकाशी उभा होता.

"झाली सही?"

बालफिननने लगाम हातात घेतला. मागे वळून त्या खिडकीकडे पाहिलं, कांद्याच्या पातीकडे.

"लेकन नाही म्हणाले," तो म्हणाला.

तुलॉकला ते कळायला जरा वेळ लागला.  "मग मेंढीवाल्याला काय कळवू?"

"हेच कळव." बालफिनन घोड्यावर बसला, आणि बसल्यावर त्याने अंगावरचा जाड लोकरी कोट काढून तुलॉकच्या हातात दिला. वारा बोचरा होता. "आणि हा आत नेऊन दे. लेकनना खोकला झालाय. उद्या डॉक्टरला पाठव त्यांच्याकडे."